पाठीला पाठ

संस्थेचे तपासनीस अकराला येणार होते, ते दहालाच आले. माझ्या नणंदेनं हातातला चहा खिडकीत ठेवला, तो तिथंच गार झाला.

एकोणीस वर्षं डोंगर पालथे घालून तिनं झाडंझुडपं गोळा केली होती. ती वर्तमानपत्राच्या घडीत दाबून सुकवायचं काम माझं. ओला कागद काढायचा, कोरडा घालायचा, आणि जुन्या कागदावरचा आकडा नव्यावर उतरवायचा. त्यातल्या एका पिवळ्या फुलाच्या रोपाला अजून जगात कुणी नाव दिलेलं नाही, असं वन्संचं म्हणणं. आज ते मान्य झालं तर ठीक, नाहीतर संस्था तिची ही खोली काढून घेणार होती.

तपासनीसांशी तिचा छत्तीसचा आकडा, हे शिपायापासून सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांनी भिंगातून रोप पाहिलं. मग तिची डोंगरात लिहिलेली वही उघडली.

"रोप नवंच दिसतंय. पण घडीवर त्रेसष्ट आहे, आणि तुमच्या वहीत त्रेसष्ट म्हणजे रोपवाटिकेचं विटांचं कुंपण. बागेतलं रोप कड्यावरचं म्हणून खपवताय, बाई?"

"कड्यावरूनच आणलंय. कमरेला दोर बांधून."

"मग वही खोटी, की तुम्ही?"

वन्संच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. वहीत कड्याचा आकडा छत्तीस होता, म्हणून तिनं छत्तीसची घडी उघडली. आत कुंपणालगत कुठंही उगवणारं साधं तण होतं.

"आकड्यांची अदलाबदल झालीय," ती पुटपुटली.

"सोयीची अदलाबदल," म्हणत त्यांनी पेनाचं टोपण काढलं.

मी दाराशी उभी होते. त्या दोन घड्या शेजारी शेजारी पाहिल्या आणि माझ्या लक्षात आलं. मला तेव्हा वाचता येत नव्हतं, आकडे मी चित्रासारखे काढायची. ही रोपं सुकत होती त्या आठवड्यात हवा दमट होती, म्हणून दोन्ही घड्यांचे कागद एकदमच बदलले होते. दोन्हींवर तीच चित्रं, एक डावीकडे बघणारं, एक उजवीकडे. जोडपं तेच आहे, कोण कुठल्या बाजूला बसलंय त्यानं काय बिघडतं, असं मला वाटलं होतं.

"वन्सं, ते माझ्या हातून झालंय."

"वहिनी, तू गप्प बस."

"गप्प बसले तर तुमची खोली जाईल." मी सगळं सांगून टाकलं.

तपासनीसांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "वा! साक्षीदार घरचीच."

"नणंदेची बाजू घेणारी भावजय तुम्ही आजवर किती पाहिल्यात, साहेब?"

त्यांच्याबरोबर आलेला कारकून फिसकन हसला आणि लगेच खाली बघायला लागला.

"घडीत पुडी आहे," मी म्हणाले. "सुकवताना जे गळतं ते मी टाकत नाही. जिचं तिच्याजवळ बांधून ठेवते."

वन्संनी पुड्या सोडल्या. तणाच्या पुडीतून विटेचा लाल चुरा पडला. पिवळ्या फुलाच्या पुडीत काळ्या दगडाचे बारीक तुकडे होते. तिनं वहीतलं छत्तिसावं पान त्यांच्यापुढं सरकवलं. 'काळ्या कड्याची भेग. माती नाही.'

"पुडी काय, काल रात्रीही भरता येते," तपासनीस म्हणाले.

वन्संनी मात्र भिंग उचललं आणि रोपाच्या मुळावर धरलं. "आणि हे? हेही काल रात्री भरलं?"

मुळाच्या दोन फाट्यांमध्ये काळ्या दगडाची कपची होती. मूळ तिच्याभोवती वळून वाढलं होतं, आवळून धरल्यासारखं.

ते बराच वेळ वाकून बघत राहिले. शेवटी ते सरळ झाले आणि घड्या माझ्याकडे ढकलल्या.

"ज्यानं चूक केली त्यानंच आकडा खोडून नीट लिहायचा. माझ्यासमोर. चुकला तर मी काही ऐकणार नाही."

वन्संनी पेन माझ्या हातात दिलं. मी त्रेसष्टवर रेघ मारली. पुढं हात थांबला. दोन चित्रं डोळ्यांपुढं नाचत होती, पण पहिलं कुठलं?

नणंद माझ्या कानाशी वाकली. "आपल्या दोघींचं काढू नकोस, वहिनी. माझं नि साहेबांचं काढ."

मी आधी डावीकडे तोंड केलेला काढला. मग त्याच्या पाठीला पाठ लावून दुसरा.