उभा ठेवलेला कोपरा

बावीस वर्षं मी कॅमेरा सांभाळला आणि बावीस वर्षं दिग्दर्शकांशी भांडलो. ऊन ढगात गेलं की हे लोक म्हणणार, "शहाबाज, राहू दे रे, घे." अरे, घे काय घे! त्यांच्या घाईपायी माझ्या किती फ्रेम मातीत गेल्या. शेवटी ठरवलं, आता दिग्दर्शनही आपलं आणि कॅमेराही आपलाच.

माझ्या सिनेमाचा शेवटचा सीन पौडजवळच्या रिहे गावातला. गोजराबाई आपल्या खाचरातलं शेवटचं भात कापते, एवढाच. बाई खरी, खाचर खरं आणि ते विकलंय हेही खरं. सौदा तिच्या मुलानं, कैलासनं केला होता. उद्या सकाळी जेसीबी येणार होता. बाकी भात कापून झालं होतं, माझ्यासाठी तेवढा एक कोपरा उभा ठेवलेला. आज सीन झाला तर झाला, नाहीतर सिनेमाला शेवटच नाही.

आणि दुपारपासून हे ढग! मी बांधावर येरझाऱ्या घालतोय, गोजराबाई इळा घेऊन बसलीय.

"कापू का रं?"

"थांब गं मावशी, ऊन येऊ दे."

"भाताला कशाला पायजे तुजं ऊन? पिकलंय की!"

दहाव्यांदा विचारल्यावर मी खेकसलो, "एकदा सांगितलं ना!" तिनं इळा मांडीवर ठेवला. लाज वाटली मला, पण आभाळावरून नजर हलेना. फोकस सांभाळणाऱ्या स्नेहलला घेऊन मी टेकाडावर गेलो, ढगांत कुठं फट दिसते का बघायला.

अर्ध्या तासानं ऊन आलं. काय ऊन होतं म्हणून सांगू! धावत खाली आलो, तर कोपरा साफ. पेंढ्या बांधून ओळीनं ठेवलेल्या.

"रिकामी बसवंना," गोजराबाई घाम पुसत म्हणाली. "म्होरं भात उभं असल्यावर हात गप ऱ्हात्यात व्हय?"

माझं डोकंच फिरलं. शिवी ओठांवर आली होती. पण मी पौडचा, भातखाचरांत वाढलेला, मला कळायला नको? जन्मभर ही बाई पिकल्या भातापुढं कधी बसून राहिली नव्हती. मी तिला दोन तास बसवली आणि स्वतः ढग बघत राहिलो. कसला डोंबलाचा दिग्दर्शक मी!

"समदं न्हाई कापलं," ती म्हणाली. बांधाकडेला मूठभर भात उभं होतं. तिनं वर रस्त्याकडं हाक मारली, "कैलास! ये हिकडं."

गाडीला टेकून फोनवर बोलत असलेला कैलास खाली आला. तिनं इळा त्याच्या हातात दिला.

"ह्ये तू काप. इकलंस तू."

कैलास वाकला. भाताची मूठ धरली आणि तसाच थांबला. ऊन पुन्हा गेलं होतं. कॅमेऱ्यापाशी स्नेहल आधी पोचली.

"सर, लाइट गेला. चेहरा दिसणार नाही त्याचा."

मी कैलासच्या हाताकडं बघत होतो. त्यानं मूठ सोडली, पुन्हा धरली.

"राहू दे गं," मी म्हणालो. "घे."