पांढरी फरशी

"काका, त्या खोलीत कुणी येणार नाही. सगळं कॉम्प्युटरवर केलंय मी," आरोही हसत म्हणाली.

"मग दार कशाला उघडं ठिवलं, ताई?" वॉचमन भिमाजींनी विचारलं.

नाशिकच्या एका कला महाविद्यालयात आरोहीचं प्रदर्शन होतं. भिंतभर पडद्यावर व्हिडिओत रिकामं घर, खोलीमागून खोली, आणि शेवटी उघड्या दाराची, पांढऱ्याशुभ्र फरशीची खोली. लोक जरा थांबत, 'कसंतरीच वाटतं बाई' म्हणत आणि सटकत. भिमाजी मात्र तिथून हलत नसत.

"माझं पोरगं पुरात गेलं. संतोष. हाती काय लागलं नाय," ते म्हणाले. "आमच्यात माणूस गेला की पीठ पसरून दिवा लावत्यात, वर टोपली झाकत्यात. सकाळी पिठावर पाऊल बघायचं. म्हंजे जीव कुठं गेला ते कळतं. आमचं पीठ कोरंच राहिलं. त्याची आई अजून रोज पसरती. लय समजावलं, ऐकत नाय. हितं एक पाऊल उमटवता यील का हो?"

आरोहीचे डोळे भरून आले. दुसऱ्याच दिवशी तिने फरशीवर पावलं उमटवली. अनवाणी, दारातून एकेक करून आत येणारी.

पावलं आपणच सांगून करून घेतलेली, हे भिमाजींना पक्कं ठाऊक होतं. तरी त्यांचा जीव भांड्यात पडला. बायकोला, कुसाबाईंना, काही न सांगता ते त्यांना घेऊन आले. आता तरी हिचं पीठ सुटेल, एवढीच आशा होती बिचाऱ्यांना.

कुसाबाईंनी चपला प्रदर्शनाच्या दाराबाहेर काढल्या. पावलं दिसताच त्या पुढे धावल्या.

"आला गं बाई! आला माझा संतू!" त्यांनी पावलावर हात ठेवला. हाताला गार पडदा लागला.

तेवढ्यात व्हिडिओ संपून पुन्हा सुरू झाला. त्याच खोल्या, आणि फरशी पांढरीफेक.

"कुणी पुसली?"

"थांब जरा. परत येत्यात," भिमाजी कसेबसे म्हणाले.

पावलं आली. गेली. पुन्हा आली, पुन्हा गेली. कुसाबाईंनी तोंडाला पदर लावला.

"घरनं एकदाच गेला हो. हितं सारखा जातोय."

आपण हिच्या जखमेवर मीठ चोळलं, हे भिमाजींना कळलं. पण वेळ गेली होती. कुसाबाई चपला न घालताच चालू लागल्या. दळण टाकलंय, तेवढं पीठ घेऊन जाते, म्हणाल्या.

भिमाजींची ड्यूटी संध्याकाळपर्यंत होती. त्यांनी चपला उचलून भिंतीशी नीट ठेवल्या आणि पडद्याकडे पाठ करून स्टुलावर बसले.