अडकत होतो तेव्हाच बरा होतो

मित्रांनो, मी एक जुना व्हीआर हेडसेट आहे. मला डोळ्यांवर चढवलं की समोरची खोली नाहीशी होते आणि गाण्याच्या तालावर रंगीत ठोकळे अंगावर चालून येतात. दोन्ही हातांनी ते फोडायचे, एवढाच माझा खेळ. दिसायला मी आधीच बेडूकतोंड्या, त्यात कपाळाची गादी घामाने काळी पडलेली. मला कुणी म्हातारा म्हटलं तर राग येत नाही.

चेक देशातल्या ब्रनो शहरातल्या या घरात मला आणलं ते ओटाकारने. तो ट्रामचा निवृत्त वायरमन. त्याच्या बायकोच्या, क्वेताच्या, उजव्या अंगावरून वारं गेलं होतं. हात खांद्यापर्यंतही उचलत नव्हता आणि डॉक्टरांनी सांगितलेल्या व्यायामाचा तिला भारी कंटाळा. खेळासोबत आलेली गाणी ऐकून तर ती म्हणाली, "ही गाणी आहेत की पत्र्याच्या डब्यांची भांडणं?"

मग साठी उलटलेला ओटाकार मॉड करायला शिकला. मॉड म्हणजे हौशी लोकांनी खेळाला बाहेरून लावलेलं ठिगळ. ते लावलं की आपलं स्वतःचं गाणं खेळात घालता येतं. त्याने अ‍ॅकॉर्डियनवर पोल्का नाचाची धून वाजवली, मधे मधे स्वतःच्या आरोळ्या भरल्या आणि एकेक ठोकळा आपल्या हाताने मांडला. दर आठवड्याला उजवीकडचे ठोकळे तो बोटभर वर सरकवायचा.

"वर! अजून वर! झोपलीस काय गं?" गाण्यातला ओटाकार ओरडे.

"तुझ्या टकलावर हाणायचं असतं ना, तर कधीच पोचले असते!" क्वेता उत्तर देई. खरा ओटाकार शेजारी खुर्चीत बसून पोट धरून हसे. वर्षभरात तिचा हात कानापर्यंत गेला. त्या दिवसांत माझा काय मान होता म्हणून सांगू!

त्या ठिगळामुळे मी मधेच अडकायचो, कधी बंदही पडायचो. स्थिरतेसाठी अपडेट आल्याची पाटी सारखी समोर यायची. पण मॉडवाल्यांचा एक नियम असतो. चाललंय ना, मग अपडेटला हात लावायचा नाही, कारण नवं अपडेट आलं की जुनं ठिगळ उसवतं. ओटाकारने क्वेताला बजावून ठेवलं होतं, "पाटी आली की 'नंतर' दाबायचं. काही झालं तरी 'नंतर'."

गेल्या हिवाळ्यात ओटाकार गेला. छातीत दुखल्याचं निमित्त झालं, बस. क्वेता मात्र रोज सकाळी मला चढवी आणि त्याच्या आरोळ्यांना उलट उत्तरं देई. मधेच मी अडकलो की त्याचा आवाज तुटे. मला मेल्याहून मेल्यासारखं होई.

एका रविवारी त्यांची मुलगी इलोना जेवायला आली. क्वेता स्वयंपाकघरात सूपमध्ये शेवया सोडत होती. इलोनाने मला सहज डोळ्यांवर चढवलं, तोच पाटी आली. "आई बिचारी किती दिवस हा रखडता खेळ सोसतेय," ती पुटपुटली आणि तिने 'आत्ता' दाबलं. दहा मिनिटांत मी ठणठणीत बरा झालो.

दुसऱ्या दिवशी क्वेताने गाण्यांची यादी वरून खाली तीनदा पाहिली. गाणं माझ्या पोटातच होतं, मित्रांनो, आजही आहे. ते उघडून देणारं ठिगळच चालेना. ओरडून सांगावंसं वाटलं, पण माझ्या मनातलं बोलायला मला आवाज कुठे आहे?

संध्याकाळी इलोनाचा फोन आला. "आई, आता अडकत नाही ना गं? मीच दुरुस्त केलाय!"

 गाणं परत कसं आणायचं हे क्वेताने विचारलं असतं, तर एखादा जाणकार कदाचित सापडलाही असता. पण मग आपल्या हातून काय घडलं, ते इलोनाला कळलं असतं.

"छे गं, एकदाही नाही," क्वेता म्हणाली. "गुणाची पोर माझी ती!"

मित्रांनो, कुणाची वस्तू दुरुस्त करायला जाल तेव्हा आधी त्या माणसाला विचारा, की यात तुम्ही काय जपून ठेवलंय. माझ्यापुरता तो प्रश्न कुणी विचारला नाही. आता मी मुळीच अडकत नाही. क्वेताचा उजवा हात मात्र तीन आठवडे झाले, मांडीवरून वर उचललेला नाही.