फिशटँकमधला गेंद

ज्या सोमवारी मुकुंदने फिशटँकमध्ये गेंद लावला, त्या दुपारपासून मुकुंदचा आवाज पाण्यातून येऊ लागला. तो स्वयंपाकघरात ओट्याशी उभा राहून तोंड उघडायचा. ओठ नीट हलायचे. पण शब्द बाहेरच्या खोलीत, टँकच्या तळाशी उमटायचे आणि बुडबुड्यांबरोबर वर यायचे.

"मीठ कुठे ठेवलंयस?" टँक विचारायचा.

"मागच्या फळीवर," मी टँकला सांगायचे, आणि माझा नवरा फळीकडे हात करायचा.

मुकुंद लोकांच्या घरी, दवाखान्यांत फिशटँक सजवून देतो. गेंद त्याने गावामागच्या सड्यावरून, उघड्या कातळाच्या पठारावरून आणला होता. तिथे कातळाच्या खळग्यांत पावसाचं पाणी साचतं, त्यात तो उगवतो. बोटभर उंचीचा झुबका, गवतासारखी टोकदार पानं, मधून निघालेल्या बारीक काड्या आणि प्रत्येकीच्या टोकाला शर्टाच्या बटणाएवढं पांढरं फूल. लोक परदेशी गेंद मागवून टँकमध्ये लावतात, मग आपला का नको, असं मुकुंदचं म्हणणं. चाकूने मातीसकट चौकोन कापून त्याने तो आणला आणि वाळूत रोवला.

पहिले दोन दिवस आम्ही सांभाळून घेतलं. फोन आला की मी मोबाइल काचेला लावून धरायचे. गिऱ्हाइकांना फरक कळला नाही. एकाने फक्त विचारलं, नळ चालू राहिलाय का. आमची केतकी नऊ वर्षांची. ती गृहपाठाची वही घेऊन टँकसमोरच बसायची. बाबा मागे खुर्चीत बसून ओठ हलवायचा आणि ती माशांच्या मधून पाढे ऐकायची.

बुधवारी माझ्या लक्षात आलं, की तो बोलला की गेंदाला नवं पान फुटतं. एका वाक्याला एक पान.

"तू बोलू नकोस," मी म्हटलं.

"बरं," टँक म्हणाला. पान आलं.

गुरुवारी सकाळी केतकी अंगणात दोरीवरच्या उड्या मारताना हसली, आणि ते हसू माझ्या पाठीमागे पाण्यात फुटलं. मी कणीक तशीच टाकली, टँकमध्ये कोपरापर्यंत हात घातला आणि गेंद बुडाशी धरून ओढला. तिकडे ओट्यापाशी मुकुंद चवड्यांवर उचलला गेला.

"दुखतंय?"

"टाचांत," पाण्यातून आलं. "हळू, रेवा. मुळं तुटू देऊ नकोस."

मुळं पांढरी होती, दोऱ्यासारखी. ती येतच राहिली. टँक दीड हात खोल, पण मुळांच्या वेटोळ्यांनी अख्खी बादली भरली. झुबका मी वर ठेवला. मुकुंद दमून खुर्चीत बसला आणि खुर्चीची गादी दबली नाही.

"परत लावून येऊ," मी म्हटलं. मी बादली उचलली, केतकीला हाक मारली.

रिक्षावाल्याने विचारलं, "दोघीच ना?"

"तिघं."

त्याने आरशात पाहिलं आणि रिक्षा चालू केली.

सड्यावर वारा होता. मुकुंद त्यात डगमगायला लागला, म्हणून केतकीने त्याचा हात घट्ट धरला. लांबवर पांढरे गेंद पसरले होते, हजारोंनी, आणि ते बोलत होते. पंगत बसण्याआधी मांडवात असते तशी कुजबुज.

"दार लोटून घे."

"औषध घेतलंत?"

"चहा गार झाला बघ."

सड्यावर आमच्याशिवाय माणूस नव्हतं.

मुकुंदने बोट दाखवलं. त्याने कापलेला चौकोन तिथेच होता, पाण्याने भरलेला. मी मुळं आत सोडली. चौकोनाने ती सगळी घेतली. वर झुबका बसवून मी चिखल दाबला. हात काढला, तसा तो बाकीच्यांसारखाच दिसायला लागला.

"आता बोल," मी म्हटलं.

मुकुंदने घसा खाकरला. ते खाकरणं त्याच्याच गळ्यातून आलं. मला रडूच फुटलं. मग तो बोलला, आणि तो आवाज एका म्हातारीचा होता.

"माका घराक व्हर गो," तो म्हणाला. "गोरवां इली असतली." गुरं परत आली असतील म्हणून तिला घरी जायचं होतं.

"कुठे आहे तुमचं घर?" केतकीने विचारलं. तिचा आवाज तिच्याच तोंडून आला.

त्याने समुद्राकडच्या कडेला हात केला. तिथे घर नाही. तिथे काहीच नाही.

"चला," केतकी म्हणाली.

"केतकी, थांब! तो बाबा नाही."

तिने हाताकडे पाहिलं. "हात बाबाचाच आहे," ती म्हणाली, आणि दोघं चालू लागली. त्यांच्यापुढे सडा लांबत गेला. कड जवळ येईना.

मी धावायला निघाले.

"रेवा," पायाशी गेंदातून मुकुंद म्हणाला. "कुठे निघालीस?"

"केतकीला आणते."

"आधी इकडे ऐक. जवळ ये. मला मोठ्याने बोलता येत नाही."

मी उकिडवी बसले, वाकले, एक कान पाण्याला टेकवला. तो काहीतरी सांगत होता, घाईघाईने, पण शेजारचे सगळे एकदम बोलत होते. डोळे मात्र मी त्या दोन पाठींवरून हलवले नाहीत. त्या आता अंगठ्याएवढ्या झाल्या होत्या; एकदा नजर हटली, तर परत सापडल्या नसत्या. पाणी कानात शिरत होतं, आणि माझी पापणी मिटायला आली होती.