घरात शिडी असताना

खोटं कशाला बोला, मावशी एवढा विमानाचा प्रवास करून गेली ती लेकीचा संघ हरावा म्हणूनच. जन्मदात्या आईने असलं मनात आणू नये, हे तिला कळत होतं. पण कळणं वेगळं आणि वाटणं वेगळं.

मावशी म्हणजे सगळ्या गल्लीची मावशी. उभी हयात खानावळ चालवली. आता ती थोरला मुलगा आणि सून बघतात, आणि ते कसं बघतात हे मावशी बघते. धाकटी लेक म्हणजे शिडी. कागदावर तिला चांगलं नाव होतं, पण हजेरीपलीकडे ते कोणी वापरलं नाही. पोरगी शाळेत असतानाच बापाच्या डोक्यावरून पलीकडचं बघायला लागली. शेजारीपाजारी म्हणायचे, माळ्यावरचं काढायचंय ना, मग मावशींच्या शिडीला बोलवा. खानावळीतली मोठी पातेली सगळ्यात वरच्या फळीवर असत. ती टाचा न उचलता काढून द्यायची.

पुढे त्या बास्केटबॉलने तिला झपाटलं. गुडघा कामातून गेला तेव्हा मावशीने वरवर हळहळ केली आणि आतून म्हटलं, सुटले बाई एकदाची. कसलं काय! खेळता येईना तर शिडी खेळवायला लागली. आधी शाळेतल्या पोरी, मग राज्याचा संघ, मग परदेशात कोणाची तरी मदतनीस म्हणून गेली ती गेलीच. या देशातून त्या देशात. दर वेळी नवी भाषा, नवं बिऱ्हाड, आणि फोनवर आईला तेच जुनं उत्तर, की एवढा करार संपला की येते. शेवटी एका देशाने तिला आपल्या बायकांच्या राष्ट्रीय संघाची मुख्य प्रशिक्षक केलं. पेपरात फोटो आला. मावशीने तो चष्मा लावून नीट बघितला आणि म्हणाली, वाळली आहे.

इकडे वरच्या फळीवरची पातेली स्टुलावर स्टूल चढवून काढावी लागत. थोरला एकदा पडता पडता वाचला. बाजारातून शिडी आणू म्हणाला, तर मावशी अंगावरच धावून आली.

"घरात शिडी असताना विकत कशाला आणायची?"

थोरल्याने पुन्हा स्टुलावर स्टूल लावलं आणि धरायला बायकोला हाक मारली.

आणि आता हा सामना आला. जिंकलं तर जागतिक स्पर्धेत प्रवेश आणि शिडीचा करार आणखी चार वर्षं. हरलं तर करार संपला, शिडी घरी. हे सगळं शिडीनेच फोनवर सांगितलं. एकदा तरी येऊन बघ आई, मी काय करते ते, असंही म्हणाली. इतकी वर्षं नाही नाही म्हणणारी मावशी यावेळी लगेच हो म्हणाली. शिडीला काय आनंद झाला! आईच्या पोटात काय शिजतंय याची त्या भोळीला गंधवार्ता नव्हती.

शिडीच्या घरात भांडी जेमतेम तीन, त्यातलं एक करपलेलं. जेवायच्या टेबलावर कप आणि मिठाच्या डब्या इकडेतिकडे मांडलेल्या. मावशीने चहासाठी त्यातला एक कप उचलला, तर शिडी केवढ्याने दचकली. म्हणाली, आई, ती बचावातली आहे, तिला हलवू नकोस. मावशीने तिच्यातच चहा ओतून घेतला. बचावातली धुऊन परत जागेवर ठेवली, पण तोंड वाकडं करून. पोटच्या पोरीचं सगळं आयुष्य चेंडूमागे गेलं, आणि घरात धड एक कप मोकळा नाही.

सामन्याला मावशीची खुर्ची संघाच्या बाकामागेच होती. भाषेचं अक्षर कळत नव्हतं. लाकडी जमिनीवर बूट करकरत होते, शिट्ट्या वाजत होत्या, आणि पोरी तरी कशा, एकजात ताडमाड! त्यांच्या घोळक्यात शिडी उभी होती. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच आपली लेक चारचौघींसारखी दिसली, आणि मावशीचा जीव उगाच हलला. मग तिने स्वतःला बजावलं, आपण कशाला आलोय ते विसरायचं नाही. पलीकडच्या संघाने गुण घेतला की ती पदराखाली हळूच टाळी वाजवी.

एवढ्यात शिडी ओरडली, "वाढ!"

मावशीला वाटलं, आपले कान वाजले. पण पुन्हा तेच. आणि मग बाकावरच्या परक्या पोरीही ओरडायला लागल्या. त्यांच्या जिभेला तो ढ काही झेपत नव्हता, वाड, वाद, जमेल तसं म्हणत होत्या. पण शब्द मावशीचा होता. तिच्या स्वयंपाकघरातला होता.

शिडी परकर सावरत पंगतीत वाढायची तेव्हा मावशी तिला खडसावत असे, भांड्याकडे काय बघतेस, ताटाकडे बघ. कोणाचं ताट रिकामं झालं ते आपल्याला दिसलं पाहिजे. मागितल्यावर वाढलं तर वाढणारीचं काय कौतुक?

मावशीने पदराखालचे हात बाहेर काढले. आता तिला मैदानावर चेंडू दिसेचना. भांडं दिसत होतं. कोणाच्या हातात आहे, कोण रिकामी उभी आहे, सगळं लख्ख कळायला लागलं. आणि त्या लांब वेणीवाल्या कर्णधार पोरीचा तिला संताप आला. भांडं हातात आलं की पोरगी सोडायला तयार नाही, अशाने निम्मी पंगत उपाशी उठायची.

शेवट जवळ आला तेव्हा शिडीचा संघ एका गुणाने मागे होता. चेंडू वेणीवालीकडेच, अंगावर दोघी चालून आलेल्या. कोपऱ्यात संघातली सगळ्यात बुटकी पोर हात पसरून एकटी उभी. ओरडून ओरडून शिडीचा आवाज बसला होता. नुसते हातवारे करत होती बिचारी.

मग मावशी उठली. आपण हरवायला आलोय, लेक घरी न्यायची आहे, काही काही आठवलं नाही. खानावळीत शेवटच्या पंगतीपर्यंत पोचणारा तो आवाज तिने लावला.

"अगं वाढ की भवाने! ती कोपऱ्यातली कधीची उपाशी आहे!"

बाकीचं कळलं नसेल, पण 'वाढ' तेवढं पोचलं. वेणीवालीने मान फिरवली, कोपरा बघितला आणि चेंडू दिला. बुटकीने तो टाकला. जाळी हलली, शिट्टी झाली, आणि सगळा हॉल उभा राहिला.

मावशी मात्र मटकन खाली बसली. काय केलंस हे, बाई? स्वतःच्या तोंडाने लेकीला चार वर्षं लांब लोटलीस. डोळ्यांना धार लागली. पण तेवढ्यात समोर त्या धिप्पाड पोरींनी शिडीला खांद्यावर उचललं, आणि मावशीच्या अंगावर मूठभर मांस चढलं. माझी आहे ती, हे तिला त्या सगळ्या परक्या लोकांना सांगायचं होतं, आणि भाषा येत नव्हती.

शिडी खाली उतरून धावत आली ती आईच्या गळ्यातच पडली. बसलेल्या आवाजात म्हणाली, "पास म्हटलं ना आई, की पोरी चेंडू नुसता फेकून मोकळ्या होतात. वाढ म्हटलं की बघून देतात. त्यांच्या भाषेत नाही गं असा शब्द."

मागून वेणीवाली आली. मावशीकडे बोट दाखवून, डोळे मोठे करून तिने काहीतरी विचारलं. शिडीने मान हलवली, हो, तो शब्द हिचाच. तशी ती एवढी मोठी पोर वाकली आणि तिने मावशीचे दोन्ही हात घट्ट धरले.

मग शिडीचा चेहरा उतरला. आई, आता घरी यायचं म्हणजे आणखी चार वर्षं, असं ती चाचरत म्हणायला लागली. मावशीने तिला पुढे बोलूच दिलं नाही. फोन लावून दे म्हणाली थोरल्याला.

थोरल्याला आधीच कळलं होतं. तो तिकडे नाचत होता. शिडी कधी येणार, लोक विचारतायत, असं म्हणाला. हाच प्रश्न मावशी इतकी वर्षं चुकवत आली होती.

"येत नाही म्हणावं," मावशी मान ताठ करून म्हणाली. "तिला जगात कामं आहेत. आणि हे बघ, उद्या बाजारात जा आणि एक शिडी घेऊन ये. चांगली दणकट बघून आण."