समुद्रातून चेंडू आणणारी होडी

मित्रांनो, होडी म्हटलं की तुम्हाला मासे आठवत असतील. मला फुटबॉल आठवतात. मी एक जुनी लाकडी होडी आहे आणि माझ्या उभ्या आयुष्यात मी मासे थोडे आणि फुटबॉलच जास्त वाहिले. हसू नका. अटलांटिक महासागरातल्या आमच्या फेरो बेटांवर हे काही हसण्यावारी नेण्यासारखं काम नव्हतं.

माझा जन्म गावातल्या एका म्हाताऱ्या सुताराच्या हातून झाला. आमच्याकडे वारा झाडांना वाढूच देत नाही, त्यामुळे माझं लाकूड नॉर्वेहून जहाजाने आलं. फळीवर फळी बसवताना तो सुतार कुणाशी अवाक्षर बोलत नसे. पण डांबराचा शेवटचा हात फिरवून झाल्यावर त्याने माझ्या पाठीवर थाप मारली होती. ती थाप मी अजून विसरलेले नाही. पुढे काही वर्षं मी मासेमारीला गेले. मग मोठ्या मोटारबोटी आल्या आणि मला किनाऱ्यावर पालथं घालून ठेवलं. मला वाटलं, संपलं आता सगळं.

पण गावातल्या पोरांना फुटबॉलचं वेड लागलं. गावात सपाट जागा एकच होती आणि ती नेमकी समुद्राच्या काठावर. मैदान तिथेच झालं. एका अंगाला मेंढ्यांचा डोंगर, दुसऱ्या अंगाला समुद्र. वारा असा, की फ्री किक मारायची तर चेंडू जागेवर ठरायचा नाही. मग एकाने चिखलात पालथं पडून चेंडू बोटाने दाबून धरायचा आणि दुसऱ्याने मारायचा. एवढं करूनही चेंडू समुद्रात जायचेच. पहिल्या वर्षी इतके चेंडू वाहून गेले, की क्लबने ठरवलं, मॅच चालू असेपर्यंत एक होडी पाण्यात उभी राहील आणि तिच्यात एक माणूस बसेल. होडी मी होते. माणूस होता बायनिर.

बायनिर लहानपणी पक्ष्यांची अंडी काढायला कड्यावर चढला आणि खाली पडला. जीव वाचला, पण गुडघा कायमचा आखडला. त्याच्या बरोबरीचे सगळे मैदानात आणि हा माझ्यात. त्याचा जिवलग दोस्त हानुस गोलकीपर होता. हानुसच्या डोक्यावरून जे जे जाई, ते ते आमच्याकडे येई. मग बायनिर इथून ओरडायचा, "हानुस, तू गोल राखतोस की मला कामाला लावतोस?" आणि तिकडून उत्तर यायचं, "मी नसतो तर तू तिथे घोरत पडला असतास!"

त्याच्यासारखा वल्हवणारा मी पुन्हा पाहिला नाही. तो चेंडूच्या मागे धावत नसे. मला आडवी वळवून तो असा उभा राहायचा, की लाटच चेंडू आणून माझ्या कुशीशी सोडायची. मग दोन्ही हातांनी उचलायचा, स्वेटरच्या बाहीने कोरडा पुसायचा आणि मगच मैदानात फेकायचा. परगावचे खेळाडूसुद्धा टाळ्या वाजवत. मॅच संपली की कॉफीचा पहिला कप बायनिरला मिळायचा. मला दर वसंतात नवं डांबर मिळायचं. काय रुबाब होता माझा तेव्हा!

पण एक गोष्ट फक्त मला आणि हानुसला ठाऊक होती. डांबर लावायला दोघं एकत्र बसत, तेव्हा बायनिर दर वर्षी हळूच म्हणायचा, "एकदा आत यायचंय रे मला. पाचच मिनिटं. चेंडूला एकदा पाय लावायचाय."

"पुढच्या वर्षी बघू," हानुस म्हणायचा.

त्यात कपट नव्हतं हो. हानुसचा त्याच्यावर जीव होता. पण कधी मॅच चुरशीची असायची, कधी पावसाने मैदान निसरडं व्हायचं आणि मुख्य म्हणजे, बायनिर आत गेला तर होडीत कोण बसणार? वर्षं गेली. हानुस खेळायचा थांबला आणि शिकवायला लागला. दोघांचेही केस पिकले.

मग डोंगरातून बोगदा झाला. तरुण पोरं आधी राजधानीला गेली, नंतर डेन्मार्कला. टीम जमेना. शेवटी आमचा क्लब बोगद्यापलीकडच्या गावाच्या क्लबात मिसळायचं ठरलं. त्यांच्या मैदानावर प्लॅस्टिकचं गवत आहे, चहूबाजूंनी उंच जाळ्या आहेत. तिथे होडीचं काय काम?

आमच्या मैदानावरच्या शेवटच्या मॅचला हानुस स्वतः किनाऱ्यावर आला. हातात गावाची जर्सी होती. "घाल," तो म्हणाला. "शेवटची पाच मिनिटं तुझी."

 बायनिरने स्वेटरवरूनच जर्सी चढवली आणि कितीतरी वेळ तिच्या बाहीवरून हात फिरवत राहिला. मग त्याने मला धक्क्याच्या कडीला बांधलं आणि लंगडत वर गेला. माझा ऊर भरून आला.

आणि मित्रांनो, इथेच सगळं गाव चुकलं. जो तो बायनिरचा विचार करत होता, होडीचा विचार कुणाच्या मनातही आला नाही. माझ्यात कुणीच बसलं नव्हतं.

मॅचसाठी राखीव ठेवलेला दुसरा चेंडू आधीच खडकावर आपटून फुटला होता. बायनिर आत आला, तेव्हा रस्त्यावर गाड्यांत बसून मॅच बघणाऱ्या सगळ्यांनी हॉर्न वाजवले. थोड्याच वेळात आम्हाला फ्री किक मिळाली. हानुसने बाहेरून खूण केली, बायनिर मारेल. ब्रांडुर नावाचा तरणा खेळाडू पालथा पडला आणि त्याने चेंडू बोटाने धरला. बायनिर मागे सरकला. तेवढ्यात वाऱ्याचा असा झोत आला, की ब्रांडुरचं बोट सुटलं. चेंडू उडाला आणि बांधावरून थेट समुद्रात.

सवयीने सगळ्यांनी समुद्राकडे पाहिलं. मी रिकामी होते. मग सगळ्यांनी बायनिरकडे पाहिलं.

"मी जातो, काका," ब्रांडुर उठत म्हणाला.

"तुला वल्हं तरी धरता येतं का?" बायनिर हसला. "थांबा, आलोच."

समोरची टीम दुसऱ्या बेटावरची होती, पंचही तिकडचेच. त्यांची शेवटची बोट धक्क्याला लागायची वेळ झाली होती. जमेल तेवढा थांबतो, असं पंच हानुसला म्हणाले.

ओहोटी लागली होती. चेंडू लांब लांब जात होता. बायनिरने त्या दिवशी पहिल्यांदाच चेंडूचा पाठलाग केला. "चल गं बाई, चल," तो मला म्हणत होता. माझ्या जुन्या फळ्या करकरत होत्या, पण मी होतं नव्हतं तेवढं बळ लावलं. आम्ही चेंडू गाठला. त्याने तो उचलला आणि त्या घाईतही जर्सीच्या बाहीने पुसला.

आम्ही निम्म्या वाटेवर असताना बोटीचा भोंगा झाला. त्यामागोमाग शिट्टी वाजली. मैदानात खेळाडू एकमेकांचे हात हातात घेत होते. बायनिरची वल्ही थांबली. वाऱ्याने आम्ही जरा मागे वाहत गेलो, तरी त्याला भान नव्हतं.

शेवटी आम्ही किनाऱ्याजवळ आलो, तेव्हा हानुस बुटांसकट पाण्यात उतरला आणि त्याने माझं टोक धरलं. "त्यांना थांबवता आलं नाही रे. पण चल, मैदान मोकळं आहे. तू आत्ता मार, मी गोलमध्ये उभा राहतो."

"रिकाम्या मैदानात मारली तर ती मॅच कुठली?" बायनिर म्हणाला. त्याने चेंडू माझ्या बाकाखाली ठेवला. "मी तुला किती वर्षं सांगत होतो, हानुस."

तो रागावून बोलला असता तर बरं झालं असतं. हानुस तिथेच खडकावर बसून रडला.

त्याच हिवाळ्यात बायनिर गेला. चेंडू अजून माझ्या बाकाखाली आहे, हवा जाऊन मऊ पडलाय. मी पाण्यात जात नाही, तरी हानुस दर वसंतात येतो आणि मला डांबर लावतो. लावून झालं की बायनिरच्या जागेवर बसून राहतो. कुणी त्याच्याकडे काही मागितलं तर तो आता पुढच्या वर्षीचं नाव काढत नाही.

मित्रांनो, मला डांबर मिळालं नाही तरी चालेल. पण तुमच्याही मैदानाबाहेर कुणीतरी तुमचा चेंडू आणून देत असेल. त्याला आजच आत बोलवा. आणि तो खेळायला आला, की चेंडू आणायला तुमच्यातलं कुणीतरी बाहेर थांबा.