चारचा सामना

लग्नाला दोन वर्षं झाल्यावर सुनेनं माझ्याकडे पहिल्यांदा काही मागितलं, आणि मागितलं काय, तर लक्ष.

“आई, दिवसातून तीनदा एक पान बघून ठेवाल का? मी दुकानात असले की फोन खणात कुलपाआड असतो.”

ती औषधांच्या दुकानात काम करते. पान म्हणजे कॉम्प्युटरवरचं पान, आणि त्यावर एका व्हिडिओ गेमच्या स्पर्धेचं वेळापत्रक. पाच विरुद्ध पाच, दोन किल्ले. आपला राखायचा, समोरच्याचा पाडायचा. सोळा संघांत बायकांचा संघ एकच. त्याचं नाव पाचजणी, आणि कॅप्टन माझी सून. खेळात तिला चिमटा म्हणतात. “घरात सासू असून चिमटा मात्र सूनच,” हा विनोद माझा मुलगा जहाजावरून फोन करूनही सांगतो. तो तिथं इंजिनवर असतो, सहा-सहा महिने.

खरं सांगायचं तर मला हे प्रकरण पटलेलं नव्हतं. मी शेजारच्या खोलीत डोळे मिटून बसलेली, आणि भिंतीपलीकडून ही ओरडतेय, “मागून ये, मागून! मार त्याला!” दोनदा माझी माळ चुकली. पण वेळापत्रक म्हटल्यावर मला नाही म्हणता येईना. एकतीस वर्षं मी बस डेपोत ड्रायव्हर-कंडक्टरांच्या ड्यूट्या लावल्या. माझा आवाज लहान. ड्रायव्हर म्हणायचे, बाई ड्यूटी सांगतात की कानमंत्र देतात? पण तक्ता मी लावलेला असला की दुसऱ्यांदा विचारायला कुणी येत नसे.

माझा एक नेम आहे. रोज पहाटे वहीत एक पान देवाचं नाव लिहायचं. पान पुरं होईपर्यंत पाणी नाही, बोलणं नाही. वर तारीख आणि बसल्याची वेळ टाकते, ती डेपोची सवय. दुपारी बाराला आणि संध्याकाळी पुन्हा थोडा वेळ बसते. पानाच्या तळाशी दोन बोटं जागा कोरी राहते. तिथंच मी वेळापत्रक उतरवायला लागले. या वहीत असलं काही लिहावं का, याचा एक दिवस विचार केला. मग वाटलं, ज्याचं नाव वर लिहितेय त्याला खाली काय चाललंय तेही कळलेलं बरं.

उतरवायची ती नुसती आमची वेळ नाही. त्या दिवसाचे सगळेच सामने. ड्यूटी कधी एकटी नसते. एक हलली की दुसरी हलते. हे ज्याला कळत नाही त्यानं तक्ता करू नये.

पहिले दोन सामने पाचजणींनी जिंकले. तिसरा शनिवारी होता, काळे ढग नावाच्या संघाशी. नियम मला सुनेनं समजावून सांगितला होता. हरलं तर हरलेल्यांच्या फेरीत आणखी एक संधी मिळते, पण गैरहजर राहिलं तर थेट घरी. शनिवारी पहाटे कॉम्प्युटरच्या पानावर आमची वेळ चारची होती. दुपारी बारा दहालाही चारच. मी सुनेला निरोप पाठवला : “चार वाजता. बदल नाही.” तिनं अर्ध्या दिवसाची रजा टाकली होती. बाकीच्याही आपापली कामं उरकून आल्या. संध्याकाळचं बसणं तिथंच करावं लागेल म्हणून मी वही कापडी पिशवीत घेतली आणि त्यांच्याबरोबर निघाले.

आम्हाला पाचजणींतल्या गोगलगायीनं नेलं. ती शाळेची व्हॅन चालवते आणि मुलं सोडून बाकी कुणालाच वेळेवर पोचवत नाही, म्हणून हे नाव. त्या दिवशी मात्र तीन वीसला आम्ही दारात होतो.

हॉल फर्निचरच्या दुकानावर, दुसऱ्या मजल्यावर. जमिनीवर वायरी चिकटपट्टीनं बसवलेल्या, लांब टेबलावर पाच-पाच मशिनं समोरासमोर, मागे प्लास्टिकच्या खुर्च्या, भिंतीला पांढरा फळा. मी सगळ्यांत आधी फळ्याकडे बघितलं.

पाचजणी या नावापुढे लाल अक्षरांत लिहिलं होतं : गैरहजर.

तो शब्द माझ्या ओळखीचा आहे. डेपोत एक कंडक्टर होती. साहेबांना आपल्या माणसाला सोयीची पाळी द्यायची होती, म्हणून ऐन सकाळी त्यांनी तक्ता फिरवला आणि तिला कुणी सांगितलंच नाही. ती आपल्या वेळेला हजर झाली तेव्हा नावापुढे लाल शाईत हाच शब्द होता. तिनं माझ्याकडे बघितलं. मला सगळं माहीत होतं, आणि मी रजिस्टरमध्ये मान घातली. पान लिहायचा नेम मी त्याच आठवड्यात धरला. कुणी विचारलं तर कारण सांगत नाही.

“तुमचा दोनला होता,” वेळापत्रक लावणारा म्हणाला. चाळिशीचा गृहस्थ, गळ्यात ओळखपत्राचा पट्टा, हातात वेफर्सचं पाकीट. “सव्वादोनपर्यंत वाट बघितली. नियम म्हणजे नियम.”

“चारला होता,” सून म्हणाली.

“पान बघा ना.” त्यानं फोन पुढे धरला. पानावर दोन होते. “तुम्ही स्वतः बघितलं होतं का?”

ती जराशी अडखळली. “आमच्या आईंनी बघितलं.”

त्यानं मला पिशवीसकट वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. “मग मिटलंच की! आजी, चष्मा बदलून घ्या.”

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. आमच्यातली टाचणी माझ्या कानाशी लागली. ती दवाखान्यात नर्स आहे, मनानं वाईट नाही. “काकू, नक्की चारच होते ना? म्हणजे घाईत कधी कधी…”

“बारा दहाला चार होते,” मी म्हणाले. त्या पंख्यांच्या घरघरीत ते टाचणीशिवाय कुणाला ऐकू गेलं नसावं. सून फळ्याकडेच बघत होती. माझ्याकडे तिनं बघितलं नाही, आणि टाचणीच्या बोलण्यापेक्षा ते मला जास्त लागलं.

मग ती वळली. “आई, चार होते?”

“चार.”

“बास.”

ती सरळ टेबलाशी गेली, खुर्ची ओढली, कानाला हेडफोन लावले आणि बसली. तिच्यामागून टाचणी, मग आणखी दोघी. शेवटी गोगलगाय. “व्हॅन वाकडी लावलीय, पण बसते,” म्हणाली.

“अहो, उठा! चारच्या सामन्याला मशिनं लागतील.”

“आम्ही चारच्या सामन्यालाच बसलोय,” सून म्हणाली.

“हे बघा, तमाशा नकोय.”

“मग सामना लावा.”

आता खुर्च्यांवरचे सगळे उभे राहून बघायला लागले. पंच आला. किडकिडीत माणूस, चष्मा कपाळावर चढवलेला. दोन्ही बाजू ऐकून त्यानं घड्याळ बघितलं आणि सुनेला म्हणाला, “मला पुरावा लागेल. नाहीतर पाच मिनिटांत उठावं लागेल तुम्हाला.”

मी पुढे झाले. “मला एक विचारायचंय.”

“काय? जरा मोठ्यानं बोला.”

“मी मोठ्यानं बोलत नाही. तुम्ही जवळ या.”

तो आला. चक्क वाकला.

“दोनला आधी कोण होतं?”

“म्हणजे?” वेफर्सवाला मध्येच म्हणाला.

“सकाळी दोनची वेळ रिकामी नव्हती. आम्हाला तिथं बसवलंत, तर तिथले कुठं गेले? वेळ काही हवेतून येत नाही.”

“कुणी कुठं गेलेलं नाही. पहिल्यापासून हे असंच होतं, आजी.”

मी वही काढली. ती वही आजवर कुणी उघडलेली नाही, माझ्या मुलानंसुद्धा. पानांमागून पानं एकच नाव. त्यात दाखवण्यासारखं काय असतं? ते माझं आणि त्याचं. वेफर्सवाल्यानं लगेच ती घ्यायला बोटं पुढे केली.

“आधी हात धुऊन या,” मी म्हणाले.

“काय?”

“बोटांना तेल आहे. हात धुऊन या.”

हॉलभर हशा पिकला. त्यानं बोटं पँटला पुसली आणि पुन्हा हात पुढे केला. मी वही छातीशी धरली. हसणं जरा जास्तच वेळ चाललं, पण मी तशीच उभी राहिले. मग पंच कोपऱ्यातल्या बेसिनकडे गेला, त्यानं साबण लावून हात धुतले, रुमालाला पुसले आणि माझ्यासमोर दोन्ही तळवे उघडे धरले. हशा आपोआप थांबला.

वरच्या नावाबद्दल तो चकार शब्द बोलला नाही. बोट कागदाला न टेकवता खाली नेलं आणि तळाचं वाचलं.

“शनिवार, बारा दहा. दोन वाजता लोखंडी पंजा आणि रानडुकरं. चार वाजता पाचजणी आणि काळे ढग.”

“हे काय, आत्ता जिन्यात उभं राहूनसुद्धा लिहिता येईल!”

“येईल,” मी म्हणाले. “म्हणून वहीला विचारू नका. लोखंडी पंजाला विचारा.”

सगळ्यांच्या माना मागे वळल्या. शेवटच्या रांगेत एक धिप्पाड तरुण केळं खात बसला होता. तो घास गिळत उभा राहिला. “हो, आमचा दोनलाच होता. एकाचा पेपर होता म्हणून आम्ही बदलून मागितला. एकच्या सुमारास आलं ना ग्रुपवर.”

“कुठल्या ग्रुपवर?” सुनेनं एका कानाचा हेडफोन बाजूला केला.

“कॅप्टन लोकांच्या.”

“कॅप्टन मी आहे. मी कुठल्याच ग्रुपवर नाही.”

पंचानं चष्मा कपाळावरून डोळ्यांवर घेतला आणि वेफर्सवाल्याकडे बघितलं. “सामन्याच्या दिवशी बदल केला तर दोन्ही कॅप्टनांना कळवायचं असतं. यांना का नाही घेतलं?”

“नाही, म्हणजे… तिथं सगळे पुरुषच आहेत. थट्टामस्करी चालते. म्हटलं, यांना उगीच अवघडल्यासारखं होईल.”

“अय्या, काळजीपोटी होय!” टाचणी म्हणाली. “आणि गैरहजर लिहिलंत ते? त्यानं गुदगुल्या होतात का आम्हाला?”

यावर जे हसले ते आता आमच्या बाजूनं हसले. पंचानं ठरवलं : आजच, सहा वाजता. काळ्या ढगांचा कॅप्टन कुरकुरला, “आता पुन्हा कशाला खेळायचं?”

“पुन्हा कुठं? एकदासुद्धा झालेला नाही,” गोगलगाय म्हणाली. आयुष्यात ती पहिल्यांदा वेळेवर बोलली असेल.

वेफर्सवाला फळ्याशी गेला आणि लाल शब्दावर आडवी रेघ मारली.

“खोडू नका. पुसा.”

“तेच ते, आजी.”

“तेच नाही. खोडलेलं वाचता येतं.”

त्यानं डस्टर शोधल्यासारखं केलं. पंचानं आपला ओला रुमाल त्याच्या हातात दिला. शब्द पुरता जाईपर्यंत मी तिथून हलले नाही. एवढं जमायला मला किती वर्षं लागली ते त्या फळ्याला ठाऊक नव्हतं.

सहाला मी पहिल्या खुर्चीवर बसले. खेळ मला कळत नाही, अजूनही नाही. पडद्यावर नुसत्या ठिणग्या उडतात. पण “मागून ये, मागून!” हा आवाज ओळखीचा होता, आणि भिंत मध्ये नसली की तो वेगळाच ऐकू येतो. पहिला डाव आमचा झाला, दुसरा त्यांचा. तिसऱ्यात आमचा किल्ला पाडायला त्यांना पाऊण तास झगडावं लागलं. शेवटी पडला. फळ्यावर दोन-एक असे आकडे लिहिले गेले, काळ्या शाईत.

सून उठून आली. केसांवर हेडफोनचा वळ, डोळे लाल. मला वाटलं रडेल.

“आई, उद्या?”

“दहाला. हरलेल्यांच्या फेरीत, शून्य नावाच्या संघाशी. त्यांचा आजचा सामना लांबला, ते दमलेले असणार.”

मग व्हॅनमध्ये ती खिडकीकडे तोंड करून म्हणाली, “मी तुम्हाला विचारलं, चार होते का म्हणून. राग आला?”

“एकदाच विचारलंस ना? दुसऱ्यांदा विचारलं असतंस तर आला असता.”

दुसऱ्या दिवशी पहाटे पान पुरं केलं, पाणी प्यायले, वेळापत्रक बघितलं. दहालाच होतं. तळाशी सगळे सामने उतरवून काढले. मग फोन घेतला. कॅप्टन लोकांच्या ग्रुपवर पंचानं आदल्या संध्याकाळीच सुनेला घेतलं होतं, आणि तिनं त्याला सांगून मलाही घ्यायला लावलं होतं. सोळा कॅप्टन, एक पंच, एक वेफर्सवाला आणि मी. एका बोटानं टाइप करायला मला बराच वेळ लागतो.

“सुप्रभात. आजचं वेळापत्रक मी पाच चाळीसला उतरवून घेतलं आहे. काही बदल करायचा असल्यास आधी इथं सांगावं. थट्टामस्करी चालू द्या, आम्हाला अवघडत नाही.”

लोखंडी पंजाच्या कॅप्टननं हात जोडल्याचं चित्र पाठवलं. रानडुकरांनी एक इतका वाईट विनोद टाकला की सून चहाचा कप घेऊन हसत सुटली. वेफर्सवाल्याचं उत्तर यायला सात वाजले.

“ओके मॅडम.”

मी ते वहीत तळाशी उतरवलं आणि त्याच्यापुढे वेळ टाकली.